घणाघाती भाषणाची आगाऊ बातमी

दुपारचे अडीच वाजले होते आणि साडेचारला होणाऱ्या भाषणाची बातमी मी जवळजवळ लिहून संपवली होती.

हे वाचून कुणाला विचित्र वाटेल. मलाही पहिल्या आठवड्यात वाटलं होतं. मी बी.ए.च्या तिसऱ्या वर्षाला आहे आणि नाशिकच्या एका दैनिकात शिकाऊ उपसंपादक म्हणून काम करते. सकाळी कॉलेज, दुपारी दोनपासून डेस्क. डेस्क म्हणजे बातमीदारांनी पाठवलेला मजकूर तपासून, मथळा देऊन पानावर पाठवणारी माणसं. आमच्या घरी वर्तमानपत्र यायचं ते विळे आणि खुरपी गुंडाळून द्यायला. घरातली कॉलेजला गेलेली मी पहिलीच. त्यामुळे ऑफिसात जी पद्धत दिसेल ती बरोबरच असणार, असं मी धरून चालत होते.

पद्धत अशी. सभा, उद्घाटनं, मोर्चे हे सगळं आधी ठरलेलं असतं. आमची डाक आवृत्ती, म्हणजे तालुक्याच्या गावांना जाणारा अंक, संध्याकाळी साडेसातला छपाईला सुटते. सभा लांबली तर लिहायला वेळ उरत नाही. म्हणून बातमी आधीच रचून ठेवतात. तिला आमच्याकडे सांगाडा म्हणतात. सभा संपली की बातमीदार फोन करतो, दोन-चार वाक्यं बदलतात, आणि सांगाडा चालायला लागतो.

“कोमल, दगूआण्णांचा सांगाडा झाला का?” वर्षा मॅडमनी विचारलं. त्या आमच्या मुख्य उपसंपादक.

“होतोय मॅडम.”

“होतोय नको, झालाय म्हण. दगूआण्णांना लागतं काय? घणाघात टाक, तोफ टाक, शेवटी टाळ्या टाक.”

दगूआण्णा कामगारांचे पुढारी. वय सत्तरीच्या पुढे. सातपूर-अंबडपासून इगतपुरी रस्त्यापर्यंत जेवढे कारखाने आहेत, त्यातल्या बहुतेकांच्या गेटवर त्यांनी भाषणं केलेली. शिफ्ट सुटते आणि दुसरी शिफ्ट आत जाते, त्या मधल्या वेळात कंपनीच्या दारात जी सभा होते तिला गेट मीटिंग म्हणतात. आण्णा तिथे टेम्पोच्या हौद्यात चढून बोलायचे. माईक नाही. तरी रस्त्यापलीकडच्या ढाब्यावर ऐकू जायचं. मी त्यांना तोवर प्रत्यक्ष ऐकलं नव्हतं. पण त्यांच्या जुन्या बातम्या मी सगळ्या वाचल्या होत्या, आणि सगळ्या एकसारख्या होत्या.

भाषणासाठी आमच्या डेस्कवर शब्दांची एक उतरंड आहे. कुणी ती लिहून ठेवलेली नाही, पण सगळ्यांना पाठ आहे. साधा माणूस ‘म्हणाला’. नगरसेवकाने ‘सुनावले’, हे एका कॉलमला. ‘कडाडले’ दोन कॉलमला. ‘घणाघात’ म्हटलं की तीन कॉलम आणि फोटो. न अडखळता दोन तास बोलणारा प्राध्यापक ‘फर्डा वक्ता’. ‘मुलुखमैदान तोफ’ हे मात्र वर्षातून एकदाच, वाढदिवसाच्या पुरवणीत. मुलुखमैदान हे विजापूरच्या एका जुन्या अवाढव्य तोफेचं नाव आहे, हे मला नोकरीला लागल्यावर कळलं.

यातला ‘घणाघात’ सगळ्यांचा लाडका. चार अक्षरांत मथळा भरतो आणि कुठल्याही पक्षाला चालतो. खरं तर घण म्हणजे काय हे त्या खोलीत माझ्याइतकं कुणालाच माहीत नव्हतं. निफाडजवळ आमची लोहारकामाची भट्टी आहे. घण म्हणजे लोहाराचा लांब दांड्याचा जड हातोडा. आमच्याकडे तो माझी आई मारते. पण मी महिनोन् महिने तो शब्द टाईप करत होते आणि एकदाही आईचा घण डोळ्यांसमोर आला नव्हता.

मी लिहिलं: “दगूआण्णांनी घणाघाती भाषण करत व्यवस्थापनावर तोफ डागली. ‘अकरा भगिनींना कामावर घ्या, अन्यथा कारखान्याचे चाक फिरू देणार नाही,’ असा संपाचा इशारा त्यांनी टाळ्यांच्या कडकडाटात दिला.”

अवतरणातलं वाक्य मी मागच्या महिन्याच्या बातमीतून घेतलं. मला वाटलं, ते हेच बोलणार. नाहीतर दुसरं काय बोलतील?

अकरा भगिनींची गोष्ट अशी होती. इगतपुरी रस्त्यावर प्लास्टिकचे सुटे भाग बनवणारा एक कारखाना आहे. तिथल्या पॅकिंग विभागात अकरा बायका कंत्राटावर होत्या. संध्याकाळी सोडणारी बस कंपनीने बंद केली. या बायका विचारायला गेल्या. दुसऱ्या दिवशी त्यांना गेटवरच थांबवलं. त्याला पाच आठवडे झाले होते.

बातमी वाचून बघितली. सुरुवात, मध्य, शेवट, सगळं होतं. आमच्या सिस्टीमवर दोन फोल्डर असतात, ‘कच्चं’ आणि ‘पक्कं’. सांगाडा कच्च्यात ठेवायचा असतो. माझी बातमी इतकी पूर्ण दिसत होती की माझ्या हातून ती पक्क्यात गेली. त्या क्षणी मला ते जाणवलंही नाही.

तेवढ्यात बातमीदार संदीपदादाचा फोन आला. त्याला अचानक दुसऱ्या कार्यक्रमाला पाठवलं होतं. मॅडमनी खोलीभर नजर फिरवली. मीच एकटी रिकामी दिसले असेन.

“जाशील गेट मीटिंगला?”

“मी? मॅडम, मी कधी...”

“ऐकायचं आणि लिहून घ्यायचं. त्यात काय? इगतपुरीची एसटी पकड. साडेसहाला परत ये.”

मी गेले.

गेटबाहेर दीड-दोनशे माणसं होती. सुटलेली शिफ्ट डबे हातात घेऊन उभी, चढणारी शिफ्ट घड्याळ बघत. त्या अकरा बायका चहाच्या टपरीला टेकून एका रांगेत उभ्या होत्या. टेम्पो आलेला होता, पण आण्णा त्यात चढले नाहीत. पांढरा सदरा, पायात साध्या चपला, हातात काहीच नाही. ते जमिनीवरच उभे राहिले.

“पुढं या,” ते म्हणाले. “आज घसा ताणणार नाय. ज्याला ऐकू येणार नाय त्यानं पुढच्याला विचारावं.”

“आण्णा, आवाज वाढवा!” मागून कुणीतरी ओरडलं.

“वाढवायला मी टीव्ही हाय का? तू ये पुढं. आणि ते हेल्मेट काढ. मी काय दगड मारणार हाय?”

लोक हसले आणि खरंच पुढे सरकले. मीही सरकले.

“आतून निरोप हाय,” आण्णा म्हणाले. “उद्या सकाळी अकराला बैठक. मॅनेजर साहेब, मी आन् या अकरा जणी. पण साहेबांची अट हाय. गेटवर संपाची भाषा निघाली तर बैठक रद्द. मला वाटतं त्यांना तेच पायजेल. आपण ओरडावं आन् त्यांनी दार लावून घ्यावं. म्हणून आज मी भाषण करणार नाय. एक प्रश्न विचारणार हाय.”

ते थांबले. मग बायकांकडे हात केला.

“या अकरा जणींची नावं कुणाला माहीत हायेत?”

आण्णांनी पहिल्या रांगेतल्या एका जाडसर माणसाकडे बघितलं.

“तू सांग रे. सहा वर्षं झाली तुला.”

“आहे ना... मंदाताई आहेत एक.”

“मंदाताई कुठल्या?”

“पॅकिंगच्या.”

“पॅकिंग गाव हाय का?”

पुन्हा हशा पिकला. पण या वेळी तो मध्येच विरला. आण्णा हसले नव्हते. त्यांनी दुसऱ्याला विचारलं, तिसऱ्याला विचारलं. कुणी दोन नावं सांगितली, कुणी एकही नाही. एकाने मान खाली घातली आणि डब्याचं झाकण उगीचच घट्ट करत राहिला.

“पाच आठवडे झाले, तुम्ही मला सांगता, आण्णा, बायांसाठी लढू. कुठल्या बायांसाठी? उद्या साहेब मला विचारतील, या कोण? मी नावं सांगीन. आन् त्यांनी खिडकीतून तुम्हाला विचारलं तर?” मग बायकांकडे वळून म्हणाले, “सांगा गं तुमच्या तोंडानं.”

पहिली बाई पुढे आली. “मंदा. मुंढेगाव. सात वर्षं. तुमच्या खोक्यांवर टेप मी लावते.”

दुसरी म्हणाली, “हिराबाई. मोजणी करते. एक भाग कमी निघाला तर शिव्या मला.”

मग तिसरी, चौथी. मी वहीत लिहून घेत होते. सातव्या बाईला नाव सांगताना रडू आलं. तिचं रडून होईपर्यंत सगळे उभे राहिले. वर दुसऱ्या मजल्यावरची एक खिडकी अर्धी उघडी होती. तीही तशीच राहिली.

अकरा झाल्यावर आण्णांनी त्या जाडसर माणसाकडे बोट केलं. “आता तू.” तो नऊवर अडला. शेजाऱ्याने दोन सांगितली. मग मागचा. मग त्याच्या मागचा. शेवटी गेटवरच्या वॉचमनने, कुणी न विचारता, अकराच्या अकरा सांगितली. त्याला म्हणे आधीपासूनच येत होती. रोज सही तोच घ्यायचा.

“उद्या काम बंद करायचं नाय,” आण्णा म्हणाले. “मशीनवर उभं राहायचं. कुणी घोषणा दिली तर ती माझ्याविरुद्ध दिली असं मी धरीन. जा, शिफ्ट चुकवू नका.”

सगळं मिळून पंधरा मिनिटं झाली असतील. टाळ्या कुणी वाजवल्या नाहीत. माणसं आत गेली ती पुटपुटत, परीक्षेला जाताना आम्ही पुटपुटतो तशी.

आण्णा माझ्याजवळ आले. “पेपरवाली ना तू? संदीप नाय आला?”

“नाही आण्णा. मी डेस्कवरची.”

“नीट लिही पोरी. साहेब सकाळी चहासंगं तुमचाच पेपर वाचतो. एक शब्द इकडं-तिकडं झाला तर या बाया घरी बसतील.”

मी हो म्हटलं.

परतीच्या एसटीत मी वही उघडून बसले आणि मला आई आठवली.

लोकांना वाटतं घण मारणं म्हणजे जोर. आमच्या भट्टीवर बघायला थांबणारे बाप्ये आईला म्हणतात, बाई, काय ताकद आहे तुमच्यात! आई हसते. काम कसं चालतं ते सांगते. तापलेलं लोखंड बाबा सांडशीने ऐरणीवर धरतात. त्यांच्या दुसऱ्या हातात लहान हातोडी असते. त्या हातोडीने ते लोखंडावर एका जागी टिचकी मारतात. आईने घण तिथेच पाडायचा. पुढची टिचकी बोटभर सरकली की घणही बोटभर सरकतो. बाबांनी हातोडी ऐरणीवर आडवी ठेवली की थांबायचं. दोघं एकमेकांशी एक शब्द बोलत नाहीत. आई म्हणते, “घण आपल्या वजनानं पडतो गं. आपण फक्त जागा चुकवायची नाय.” आणि लोखंड तापलेलं हवं. गार लोखंडावर मारला तर आवाज मोठा होतो, हातांना झिणझिण्या येतात, आणि लोखंड होतं तसंच राहतं.

मी ऑफिसात ज्याला घणाघात म्हणत आले ते बहुतेक सगळं गार लोखंडावरचं होतं. असं म्हणणं माझ्यासारखीला शोभत नाही, पण त्या बसमध्ये मला तसं वाटलं. आण्णांनी एकच जागा दाखवली होती आणि तिच्यावर पुन्हा पुन्हा, न सरकता, मारलं होतं. आवाज हीच ज्याची कमाई, त्या सत्तरीच्या माणसाने तो आवाज बाजूला ठेवला होता. लोकांना तो हवा होता तरी. हे मला फार मोठं वाटलं.

पाच वाजता बसस्टॉपवरून मी मॅडमना फोन केला होता. त्यांनी कट केला, ‘मीटिंगमध्ये आहे’ असा मेसेज आला. मी टाईप केलं, “मॅडम, भाषण वेगळंच झालं.” मग खोडलं. एवढं सगळं मेसेजमध्ये कसं मावणार, समोर गेल्यावर सांगू. पुन्हा फोन करायचा धीर झाला नाही. माझा हा स्वभाव आहे आणि तो मला अजून सुटलेला नाही.

पाथर्डी फाट्याला बस अडकली. पावणेसातला मी पर्समधून मोबाईल काढला. ऑफिसच्या ग्रुपवर साडेपाचचा मेसेज होता: घाटात रस्त्याचं काम, डाक आज साडेसहाला सुटेल. म्हणजे पान गेलं. मला वाईट वाटलं. पण माझी बातमी उद्या लागेल, एवढंच मनात आलं. सांगाडा कुणी ओके दिल्याशिवाय लागत नाही.

सात वाजून पाच मिनिटांनी मी जिना चढले. पेजमेकर शकीलभाई चहा पीत होते. पानावर मजकूर आणि फोटो बसवतात ते पेजमेकर.

“आलीस? चांगली लागली तुझी बातमी. तीन कॉलम.”

“कुठली बातमी?”

“कुठली म्हणजे? आण्णांची. पक्क्यात पडली होती ना. मॅडमनी मथळा पण झकास दिलाय.”

पानाची प्रिंट भिंतीला टाचलेली होती. ‘दगूआण्णांचा घणाघात, चाक फिरू देणार नाही!’ खाली आण्णांचा जुना फोटो, टेम्पोत उभे, हात वर.

“पण ओके कुणी दिलं?”

“तू मॅडमना दिलं असशील.”

मॅडमना वाटलं होतं मी शकीलभाईंना दिलं. बातमी पक्क्यात आहे म्हटल्यावर कुणी विचारलंच नाही. आणि पक्क्यात ती मीच टाकली होती.

मी पाण्याच्या कूलरपाशी जाऊन उभी राहिले. खरं लिहायचं तर दोन मिनिटं उभी राहिले. माझी सहा महिन्यांची उमेदवारी त्या महिन्यात संपत होती. घरी मी सांगून ठेवलं होतं की पक्की होणार आहे. डाक आवृत्ती कोण बघतं, एक दिवसाची बातमी, उद्या दुरुस्ती टाकता येईल, असं सगळं मनात आलं. मग ती सातवी बाई आठवली. उद्या अकराला बैठक होती. दुरुस्ती परवा आली असती.

मी मॅडमच्या केबिनमध्ये गेले.

“मॅडम, एक मिनिट होतं.”

“बोल.”

“दगूआण्णांची बातमी चुकलीय.”

“नाव चुकलं?”

“नाही. सगळीच.”

त्यांनी चष्मा काढला. “सगळीच म्हणजे काय गं?”

“ते ओरडले नाहीत. संपाचा इशारा दिलाच नाही. उलट म्हणाले काम चालू ठेवा. इशारा दिला तर उद्याची बैठक रद्द होणार आहे. त्या बायका...”

“थांब. अवतरण आहे त्यात. ते कुठून आलं?”

“मागच्या महिन्यातलं.”

“मागच्या महिन्यातलं,” मॅडम म्हणाल्या. एवढंच म्हणाल्या. मला रागावल्या असत्या तर बरं झालं असतं.

त्यांनी छापखान्याला फोन लावला. फोरमन जाधवांचा आवाज मलाही ऐकू येत होता, कारण मागे मशीन धडधडत होतं.

“जाधव, डाक थांबवा.”

“मॅडम, निम्मी झालीय! काय थांबवा?”

“थांबवा म्हणते. इगतपुरीचे गठ्ठे?”

“गाडीत टाकतोय.”

“उतरवा. एकही अंक बाहेर जाऊ देऊ नका. पान तीनची नवी प्लेट देते.”

“ड्रायव्हर बोंबलतोय घाटाचं.”

“त्याला माझं नाव सांगा. माझ्या नावाने बोंबलू दे.” मग मला म्हणाल्या, “पंधरा मिनिटं. दीडशे शब्द. बस.”

मी बसले. वही उघडली तर तिथे आठच नावं होती. सातवं नाव लिहिलं आणि ती बाई रडायला लागली तेव्हा माझं लिहिणं थांबलं होतं, नंतर एकच लिहिलं गेलं. मी आण्णांना फोन केला. रडत-रडतच विचारलं असेन, कारण ते म्हणाले, “काय झालं पोरी? कुणी मारलं का तुला?”

“तीन नावं राहिलीत आण्णा.”

“कुठली लिहिलीस?”

मी वाचली. त्यांनी क्षणभरही न थांबता उरलेली तिन्ही सांगितली, गावांसकट, कोण काय काम करते त्यासकट. मग म्हणाले, “ते चाक फिरू देणार नायवालं वाक्य नाय ना टाकलं?”

“नाही आण्णा,” मी म्हटलं. तोवर ते खोटं होतं. पंधरा मिनिटांत खरं करायचं होतं.

पहिलं वाक्य मी लिहिलं: “दगूआण्णा यांनी आज शांत स्वरात घणाघाती भाषण केले.” मॅडम मागे उभ्या होत्या.

“शांत स्वरात घणाघाती?”

“मॅडम, घण म्हणजे ओरडणं नाही. माझी आई मारते. तो नेमक्या जागी पडावा लागतो. आज तसंच झालं.”

मॅडमनी माझ्याकडे बघितलं. “तुझी आई घण मारते?”

“हो.”

“खरं आहे तुझं. पण वाचणाऱ्या प्रत्येकाच्या घरी जाऊन तू हे सांगणार आहेस का? तो मॅनेजर ‘घणाघाती’ वाचेल आणि पुढचं वाचणारच नाही. शब्द आपण इतका वापरलाय की त्यात आता फक्त आवाज उरलाय. तुझी चूक नाही, आमची आहे. काढ तो. आण्णा काय म्हणाले तेवढं लिही.”

“मॅडम, ‘बिनआवाजाचा घणाघात’ टाकू का?” शकीलभाईंनी विचारलं. “तीन कॉलमला बरोबर बसतोय.”

“शकीलभाई, तुम्ही पान लावा.”

मथळा असा गेला: ‘काम सुरू ठेवा : दगूआण्णा’. त्याखाली लहान अक्षरात, ‘गेट मीटिंगमध्ये अकरा कामगार महिलांची नावे’. मग ती अकरा नावं, गाव आणि काम. विशेषण एकही नव्हतं. तीनचे दोन कॉलम झाले. आण्णांचा हात वर केलेला फोटो काढला आणि त्या जागी टायरची एक जाहिरात बसवली. साडेसातला नवी प्लेट गेली. छापलेले जुने अंक रद्दीत गेले. गाडी तासभर उशिरा सुटली.

दुसऱ्या दिवशी सकाळी कॉलेजात माझं लक्ष नव्हतं. साडेबाराला आण्णांचा फोन आला. बैठक झाली होती. मॅनेजरच्या टेबलावर आमचा अंक होता. त्याने पेपर उचलून बायकांकडे बघत विचारलं, यात मंदा कोण? मग हिराबाई कोण? बायकांनी हात वर केले. आण्णा म्हणाले, “पाच आठवड्यांत पहिल्यांदा त्यानं त्यांच्याकडं मान वर करून बघितलं बघ.” सोमवारपासून नऊ जणी कामावर गेल्या. एक पंधरा दिवसांनी गेली. अकरावी तोवर इंदिरानगरच्या एका मेसमध्ये लागली होती, ती म्हणाली मला इथंच बरं आहे. बस अजून सुरू झालेली नाही. त्यासाठी पुढची बैठक ठरली आहे.

हे बातमीमुळे झालं असं मी म्हणणार नाही. आण्णांमुळे झालं. आमच्यामुळे ते बिघडलं असतं, एवढं मात्र नक्की.

आण्णांची एक तक्रार होती. “पोरी, लोक मला विचारतात, आण्णा, घसा बसला का? पेपरात काय दम नव्हता.” मग स्वतःच हसले. त्यांना तो दम आवडतो, हे मला त्या हसण्यावरून कळलं. तरीही त्या दिवशी त्यांनी तो वापरला नव्हता.

ऑफिसात मला लेखी खुलासा द्यावा लागला. मी सगळं लिहिलं, कूलरपाशी उभी राहिले ती दोन मिनिटंसुद्धा. मॅडमनी तो वाचला आणि खाली स्वतःच्या हाताने एक ओळ जोडली: मथळा न विचारता मी दिला, चूक माझीही आहे. मग सही केली. त्यांना ते करायची गरज नव्हती. माझी उमेदवारी दोन महिन्यांनी वाढली. घरी सांगितलं तेव्हा बाबांनी विचारलं, “पगार तोच ना?” मी हो म्हटलं. ते म्हणाले, “मग काम शिकून घे.”

सांगाडे अजून होतात. पद्धत बदललेली नाही आणि ती बदलेल असं मला वाटत नाही, कारण गाडीला वेळेवर सुटावंच लागतं. मी करते तेव्हा ठिकाण, वेळ आणि नावं एवढंच भरते. माणूस काय म्हणाला आणि कसं म्हणाला, या दोन जागा मोकळ्या सोडते. त्यामुळे पानावर दोन भोकं दिसतात आणि शकीलभाई रोज कुरकुरतात.